जिन्यावर हाका मारणाऱ्या मुली

आमच्या बेळगावच्या कॉलेजात शनिवारी दुपारी मी मुलींना जुने सिनेमे दाखवते. त्या दिवशी १९३१ चा 'मेडशेन इन युनिफॉर्म' लावला होता. लिओन्टीन सागान या बाईंनी केलेला जर्मन सिनेमा; पडद्यावर पुरुष एकही नाही. आई वारलेल्या १४ वर्षांच्या मान्युएलाला घरचे कडक शिस्तीच्या निवासी शाळेत घालतात. तिचा जीव तिथल्या शिक्षिकेवर जडतो आणि नाटकाच्या रात्री ती हे सगळ्यांदेखत बोलून टाकते. मग मुख्याध्यापिकेचा हुकूम सुटतो: तिच्याशी कुणी बोलायचं नाही.

तोवर मागच्या बाकांवर खसखस चालली होती, ती या हुकुमापाशी थांबली. मान्युएला जीव द्यायला जिन्याच्या टोकापर्यंत चढते. हुकूम मोडून शाळाभर तिच्या नावाने हाका मारणाऱ्या मुलीच तिला वाचवतात. क्रिस्टा विन्स्लोच्या मूळ नाटकात मात्र ती मरते, हे मी मुद्दाम सांगितलं.

सगळ्या गेल्यावर बी.ए.च्या शेवटच्या वर्षाची, खानापूरकडची एक मुलगी मागे राहिली. "मॅडम, आमच्या हॉस्टेलात बी असंच चाललंय ओ."

उशीखाली प्रेमाची चिठ्ठी सापडली होती, एका मुलीने मैत्रिणीला लिहिलेली. त्या दिवसापासून लिहिणारी आजारी मुलींच्या खोलीत एकटी. ताट दाराशी ठेवायचं, बोलायचं नाही. ताट ठेवायचं काम हिच्याकडे होतं.

संध्याकाळी मी तिच्याबरोबर गेले. रेक्टरबाई दुष्ट नव्हत्या, घाबरल्या होत्या. "तिच्या घरी काय सांगू ओ?" काहीच सांगू नका, म्हटलं. मुलगी सज्ञान आहे, आणि ६ सप्टेंबर २०१८ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर सज्ञान व्यक्तींमधलं समलिंगी नातं हा गुन्हा राहिलेला नाही. तिला 'बरं करायला' डॉक्टरकडे न्यायचं घाटत होतं. अशा उपचारांना राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने २०२२ मध्येच गैरवर्तन ठरवलंय, हेही सांगितलं. पण मला खरा धसका फोनचा होता. आपल्याकडे असा एक फोन घरी गेला की पोरीचं कॉलेज सुटतं आणि स्थळं बघायला लागतात.

दाराशी दुपारचं ताट तसंच होतं. भाकरीच्या कडा वाळून वर आल्या होत्या. खानापूरच्या मुलीने ते उचललं आणि दार ढकलून म्हणाली, "चल की गं जेवायला. आमटी गार व्हायलीया."

ती आली. मेसमध्ये दोघीजणी सरकल्या, एकीने पाण्याचा तांब्या पुढे केला. त्या रात्री तिला तिची कॉट परत मिळाली. मैत्रिणीला मात्र वरच्या मजल्यावर हलवलंय आणि चिठ्ठी अजून ऑफिसच्या कपाटात आहे. ती चिठ्ठी लिहिणारीची आहे, ऑफिसची नाही. ती परत मिळावी म्हणून तिने अर्ज केलाय. खाली माझीही सही आहे.