कालशाळेचे नियम ठरवताना

दिवाळी अंकासाठी विज्ञानकथा लिहायला घेतली होती. कळसूबाईच्या माथ्यावर एक निवासी शाळा आहे आणि तिथली मुलं काळ शिकतात: आधी मोजायला, मग ताणायला, शेवटी वळवायला. खर्डा वाचून संपादक म्हणाले, "तुमची नायिका मागे जाऊन सगळं दुरुस्त करू शकते. मग वाचकाने काळजी कशाची करायची?"

या प्रश्नापाशी कथा बरेच दिवस अडून राहिली. शाळेची इमारत, गणवेश, मंत्रासारखी सूत्रं हे सगळं सुचत होतं. पण तिथे काय जमतं आणि काय अजिबात जमत नाही, हे पक्कं होईना, आणि त्यावाचून पुढचं पान लिहिण्यात अर्थ नव्हता.

शेवटी भौतिकशास्त्र शिकवणाऱ्या मैत्रिणीकडे वही घेऊन गेले. ती म्हणाली, "पुढे जायला निसर्गाची ना नाही गं. मागे जायची वाट फक्त कागदावर आहे." कागदावरची म्हणजे कशी, तेही तिने सांगितलं. १९४९ साली गणितज्ञ कुर्ट गोडेलने आइन्स्टाइनच्या समीकरणांतून असं एक फिरणारं विश्व काढून दाखवलं, की ज्यात प्रवासी आपल्याच भूतकाळात पोचू शकतो. आपलं विश्व मात्र तसं फिरताना दिसत नाही.

पुढे जाता येतं, कारण काळ सगळीकडे एकाच वेगाने चालत नाही; त्याचे पुरावे भरपूर आहेत. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग हे दोन शास्त्रज्ञ सीझियमची अतिअचूक अणुघड्याळं घेऊन साध्या प्रवासी विमानांनी पृथ्वीभोवती फिरले. पूर्वेकडे गेलेली घड्याळं जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा सुमारे ५९ नॅनोसेकंद (सेकंदाचे अब्जांश) मागे पडली, पश्चिमेकडे गेलेली सुमारे २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं तर रोज ३८ मायक्रोसेकंद (सेकंदाचे दशलक्षांश) पुढे पळतात. तेवढी दुरुस्ती केली नाही, तर एका दिवसात नकाशावरचा आपला ठिपका दहा किलोमीटरच्या पलीकडे सरकेल.

मग मी म्हटलं, माझ्या शाळेचं गणित करू. कळसूबाई १६४६ मीटर. जितकं उंच जावं तितकं गुरुत्वाकर्षण सैल आणि काळ किंचित वेगवान. हिशोब आला तो असा: माथ्यावरचं घड्याळ समुद्रसपाटीवरच्या घड्याळापेक्षा दिवसाला साधारण १५ नॅनोसेकंद पुढे जाईल. चार वर्षांचा अभ्यासक्रम धरला तर २३ मायक्रोसेकंदांच्या आसपास. मला फार आनंद झाला. शाळा कळसूबाईवरच का, याला आता खरं कारण मिळालं होतं. खालच्या बारी गावातल्या आईपेक्षा वर शिकणारी मुलगी कणभराने खरोखरच जास्त मोठी होते.

तेव्हाच पहिला नियम लिहिला: इथे कोणी मागे जात नाही.

पहिल्या वर्षाच्या मुलांना काय शिकवायचं, तेही ठरवायचं होतं. मला वाटलं, त्यांनी आधी स्वतःच्या हाताने घटिकापात्र, म्हणजे जुन्या पद्धतीचं पाण्याचं घड्याळ, करावं. आणि ती करणार असतील तर मला करता यायला हवं. सूर्यसिद्धांत या जुन्या खगोलग्रंथात त्याचं वर्णन आहे: बुडाशी छिद्र असलेलं तांब्याचं पात्र स्वच्छ पाण्यात ठेवलं की अहोरात्रात साठ वेळा बुडतं. म्हणजे एक घटिका २४ मिनिटांची. पुण्याच्या तांबट आळीतून पातळ पत्र्याची वाटी आणली. भोक पाडून देणारे काका म्हणाले, "ताई, बारीकच पाडतो. मोठं करता येतं, लहान करता येत नाही."

घंगाळात पाणी भरून वाटी सोडली. बुडाशी पाण्याचा एक बारीक कोंब उभा राहतो, वाटीत हळूहळू तळं साचतं, काठ पाण्याशी समपातळीत येतो आणि क्षणभर सगळं थांबल्यासारखं वाटतं. मग एकदम गुडुप. वेळ घटिकेपेक्षा खूपच जास्त लागला. कानशीच्या टोकाने भोक केसाएवढं वाढवायचं, परत सोडायची, परत घड्याळ बघायचं. पाणी कोमट असलं की वाटी लवकर बुडते, गार असलं की रेंगाळते. एकदा तर कचऱ्याचा कण भोकात अडकला आणि वाटी नुसती तरंगत बसली. ग्रंथात 'स्वच्छ पाणी' मुद्दाम का म्हटलंय, ते तेव्हा कळलं. हा सगळा भाग कथेत जसाच्या तसा आला. माझ्या मते कथेतला तोच सगळ्यात जिवंत भाग आहे.

आता काळ ताणायचं शिकणाऱ्या मोठ्या मुलांचा प्रश्न उरला. वेग जितका जास्त तितका काळ संथ; प्रकाशाच्या ९९.५ टक्के वेगाने गेलं तर आपलं एक वर्ष म्हणजे घरच्यांची दहा. इथे मला रेवती आठवली. तिच्यासाठी वर विचारायला ककुद्मी राजा तिला घेऊन ब्रह्मलोकात गेला. तिथे गाणं चाललं होतं म्हणून घडीभर थांबला, आणि तेवढ्यात खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली. मनात योजलेले सगळे वर त्यांच्या वंशांसकट नाहीसे झालेले. भागवतातली ही कथा लहानपणी मी बलरामाच्या लग्नाची म्हणून ऐकली होती. आता वाचताना वाटलं, परत आल्यावर रेवतीला ओळखणारं तिथे कोण उरलं असेल? तिच्या मैत्रिणींबद्दल कोणी का लिहिलं नाही?

नायिकेचा पेच तिथून सुचला. आजीचा आजार बरा करणारं औषध दहा वर्षांनी निघणार आहे. आजीला यानात बसवून पुढे नेता येतं, शाळेकडे दोनच जागा आहेत, आणि परतीचा प्रवास नाही. आजी वाचेल, पण आई इथे दहा वर्षं एकटी काढील. नातीने ठरवायचं, की आजीने, की मागे राहणाऱ्या आईने? मी तो निर्णय आईच्या हातात दिला. संपादकांचा निरोप आला, "आता छापतो."

दुसरी कथाही सुरू केली आहे. १९०६ मध्ये भारतीय प्रमाणवेळ आली, तरी तिच्या ३९ मिनिटं मागे असलेली मुंबईची वेगळी वेळ १९५५ पर्यंत टिकून होती. कालशाळेची पहिली तुकडी त्या काळातली आहे, आणि शाळेच्या घंटेने कोणती वेळ पाळायची यावरून शिक्षकांतच भांडण जुंपलं आहे.