तेनोच्तित्लानचे शेत आणि चूल

ॲझ्टेकांचे नाव निघाले की बोलणे लगेच नरबळीवर येते. तो भाग खरा आहे आणि झाकण्यासारखा नाही. मेक्सिको सिटीच्या मध्यभागी सापडलेल्या त्यांच्या महामंदिराच्या परिसरात कवट्या रचलेल्या मनोऱ्याचे अवशेष मिळाले आहेत आणि पर्जन्यदेवाला अर्पण केलेल्या लहान मुलांच्या अस्थीही मिळाल्या आहेत. पण त्याच मंदिराच्या माथ्यावर दोन गाभारे होते, एक युद्धदेव विट्झिलोपोच्त्लीचा आणि दुसरा पावसाच्या त्लालोकचा. ज्या राज्याने पावसाला युद्धाच्या बरोबरीचे स्थान दिले, ते राज्य शेतकऱ्यांचे होते हे आधी लक्षात घ्यायला हवे. पावसाची वाट पाहण्यात अर्धा पावसाळा घालवणाऱ्या खानदेशातल्या माझ्यासारख्याला तरी त्यांचा इतिहास याच बाजूने जवळचा वाटतो.

हे लोक स्वतःला मेशिका म्हणवत. उत्तरेकडून भटकत आलेल्या या टोळीला मेक्सिकोच्या खोऱ्यात कोणी चांगली जमीन दिली नाही, म्हणून परंपरेनुसार १३२५ साली त्यांनी तेश्कोको तलावातल्या दलदलीच्या बेटावर वस्ती केली. तीच पुढे त्यांची राजधानी तेनोच्तित्लान झाली. निवडुंगावर बसलेला गरुड दिसला तेथे शहर वसवावे, अशी त्यांच्या देवाची आज्ञा होती, असे ती परंपरा सांगते. पुढे १४२८ मध्ये तेश्कोको आणि त्लाकोपान या शहरांशी युती करून त्यांनी आपल्या जुन्या मालकांचा, आस्कापोत्साल्को या नगरराज्याचा, पराभव केला आणि शंभर वर्षांच्या आत बरेचसे मध्य मेक्सिको खंडणीखाली आणले.

हे बळ आले कोठून, याचे उत्तर तलवारीत शोधण्याआधी चिनाम्पांत, म्हणजे तलावात रचलेल्या शेतवाफ्यांत, शोधावे असे मला वाटते. उथळ पाण्यात वेलींचे आणि काटक्यांचे कूड घालायचे, आत तळाचा गाळ आणि कुजलेल्या पाणवनस्पतींचे थर रचायचे आणि पाण्याच्या वर थोडा उंच येईल असा लांबट, अरुंद वाफा तयार करायचा. कडेने विलोच्या जातीची झाडे लावली की मुळे काठ धरून ठेवत. दोन वाफ्यांच्या मधून होडी जाईल इतका कालवा असे, त्यामुळे ओलावा खालून आपोआप मुळांना मिळे. रोपांची पद्धत तर पाहण्यासारखी आहे. काठावर ओल्या गाळाचा जाडसर थर पसरायचा, तो थोडा आळला की सुरीने चौकोनी तुकडे पाडायचे, प्रत्येक तुकड्यात बोटाने खळगा करून बी टाकायचे आणि रोप तयार झाले की तुकड्यासकट उचलून वाफ्यात लावायचे. मुळाला धक्का लागत नाही आणि पहिले पीक उभे असतानाच दुसऱ्याची रोपे तयार होत असल्यामुळे वाफा रिकामा राहत नाही. वर्षात अनेक पिके निघत ती अशी. दरवर्षी कालव्यातला गाळ उपसून वर टाकला की खतही झाले आणि कालवाही मोकळा झाला.

तलावाच्या पूर्वेकडच्या भागाचे पाणी खारट होते. पुरात ते पाणी गोड्या भागात शिरले की वाफे बाद होत. १४४९ च्या महापुरानंतर तेश्कोकोचा राजा नेसावाल्कोयोत्ल याच्या देखरेखीखाली सुमारे १६ किलोमीटर लांबीचा बांध घालून खारे आणि गोडे पाणी वेगळे केले गेले. पिण्याचे पाणी चापुल्तेपेकच्या झऱ्यांवरून जलसेतूने येई आणि त्याला दोन पाट होते, म्हणजे एक साफ करताना दुसरा चालू राही.

जमीन कोणाची, हा प्रश्नही त्यांनी विचारपूर्वक सोडवला होता. वस्तीच्या प्रत्येक विभागाची जमीन सामाईक असे, कुटुंबाला ती कसण्यासाठी मिळे आणि कसली नाही तर दुसऱ्याला दिली जाई. पांझरा, मोसम या नद्यांवरच्या आमच्या फड पद्धतीत बंधाऱ्याचे पाणी सगळ्यांचे, एका फडात, म्हणजे शेतांच्या एका गटात, एकच पीक आणि पाटकऱ्याने ठरल्या क्रमाने पाणी फिरवायचे, ही रीत काही शतके चालत आली. दोन्हीकडे नियम पाळायला लावणारे शेजारीच होते, याला मी फार महत्त्व देतो.

आता चूल. मका हे त्यांचे मुख्य अन्न, पण तो ते तसाच दळत नसत. दाणे चुन्याच्या पाण्यात शिजवून रात्रभर तसेच ठेवत, सकाळी चोळून साल काढून टाकत, धुऊन घेत आणि मग बाया गुडघ्यांवर बसून दगडी पाट्यावर ते वाटत. त्या पिठाच्या भाकऱ्या मातीच्या तव्यावर भाजल्या जात. रोजचे कितीतरी तास या वाटण्यात जात. चुन्यामुळे पीठ चिकट होते आणि मक्यात अडकून राहिलेले नियासिन हे जीवनसत्त्व शरीराला मिळते. मका युरोपात गेला तेव्हा ही कृती मागे राहिली आणि मक्यावरच जगणाऱ्या गरिबांना, विशेषतः उत्तर इटलीत, नियासिनच्या अभावाने होणाऱ्या पेलाग्रा या रोगाने गाठले. आमच्या धुळे-जळगावकडे मका भरपूर पिकतो, पण त्यातला बराचसा कोंबड्यांच्या खाद्याला आणि स्टार्चच्या कारखान्यांना जातो. नंदुरबारच्या पथारींवर वाळणारी मिरची आणि आमच्या शेतांतला बहुतेक कापूसही मेसोअमेरिकेतल्याच शेतकऱ्यांनी, ॲझ्टेकांच्याही हजारो वर्षे आधी, रानातून शेतात आणला. तेनोच्तित्लान सुमारे २,२४० मीटर उंचीवर असल्यामुळे तेथे कापूस होत नसे. तो उष्ण मुलखातून खंडणीत येई, घरोघरच्या स्त्रिया कंबरेला बांधलेल्या मागावर तो विणत आणि ठरावीक मापाच्या चादरी चलन म्हणून चालत. मुलगी जन्मली की सुईण तिच्याजवळ चाती आणि झाडू ठेवी, मुलाजवळ ढाल आणि बाण.

सुटे पैसे म्हणजे कोकोच्या बिया. स्पॅनिश विजयानंतरच्या, १५४५ च्या, त्लाश्काला येथील एका दरपत्रकात मोठा टोमॅटो एका बीला आणि टर्की कोंबडी शंभर बियांना दिलेली आहे. बीचे टरफल पोकळ करून त्यात राजगिऱ्याचे पीठ किंवा मेण भरणारे लबाडही होते, असे स्पॅनिश पाद्री साहागुनने नहुआ, म्हणजे ॲझ्टेकांची भाषा बोलणाऱ्या, जाणत्यांकडून ऐकून लिहून ठेवले आहे. तेनोच्तित्लानला लागून असलेल्या त्लातेलोल्कोच्या बाजारात रोज साठ हजार माणसे येत, असा स्पॅनिश सेनापती कोर्तेसचा अंदाज होता. प्रत्येक मालाची गल्ली वेगळी असे आणि तंटे सोडवायला न्यायाधीश तेथेच बसलेले असत.

खंडणी देणाऱ्यांचा राग मात्र साचत गेला होता. ८ नोव्हेंबर १५१९ रोजी कोर्तेस शहरात शिरला तेव्हा त्याच्याबरोबर ॲझ्टेकांना कधी न नमलेल्या त्लाश्काला या शत्रुराज्याचे हजारो योद्धे होते, आणि तेच पुढे निर्णायक ठरले. १५२० मध्ये देवीची साथ आली. वेढा पडल्यावर स्पॅनिश सैन्याने चापुल्तेपेकचा जलसेतू तोडला आणि १३ ऑगस्ट १५२१ रोजी शहर पडले.

नव्या राज्यकर्त्यांना तलाव नको होता. बांध उद्ध्वस्त झाले, पूर वाढले आणि १६०७ पासून पाणी खोऱ्याबाहेर काढण्याची कामे सुरू झाली. ती शतकानुशतके चालली. तरीही १६२९ च्या पुराचे पाणी शहरात काही वर्षे साचून राहिले होते. आज तो तलाव जवळपास आटला आहे आणि भूजल उपसून मेक्सिको सिटी खचत चालली आहे. दक्षिणेकडे शोचिमिल्कोला काही चिनाम्पा उरल्या आहेत, १९८७ पासून त्या जागतिक वारसा यादीत आहेत. तेथील शेतकरी अजूनही गाळाचे चौकोन पाडून रोपे करतात, मात्र झरे शहराने उचलल्यामुळे कालव्यांना आता प्रामुख्याने प्रक्रिया केलेले सांडपाणी सोडावे लागते.