फ्रेम-फ्रेम करून बघितलेला याकिमा

त्या दिवशी एडिट रूममध्ये वाद चालू होता. ऐतिहासिक मालिकेचा सीन, पळत्या घोडागाडीवरचा सैनिक घोड्यांच्या मधे पडतो आणि अख्खी गाडी त्याच्यावरून जाते. डायरेक्टरला हे एका सलग शॉटमध्ये पाहिजे, कट नको, डमी नको, म्हणे वेस्टर्नमध्ये, म्हणजे अमेरिकन काऊबॉय सिनेमांत, करतात तसं. आमचे फाइट मास्टर कोल्हापूरकडचे, आयुष्य घोड्यांवर गेलेलं, ते मला म्हणाले, "ताई, १९३९ चा स्टेजकोच सिनेमा लावा, आणि हळूहळू पुढं न्या."

त्यातला घोडागाडीचा पाठलाग मी कितीतरी वेळा बघितलाय, पण एडिटर म्हणून, म्हणजे कट कुठं आहे, शॉट किती लांबीचा आहे असं. मास्टर शरीर बघत होते. अपाची (अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांची एक जमात) झालेला स्वार स्वतःच्या घोड्यावरून गाडीच्या पुढच्या जोडीवर उडी मारतो, हिरो जॉन वेनची गोळी लागते, मग तो घोड्यांच्या मधे लोंबकळत जमिनीवरून फरफटत जातो आणि हात सोडतो. सहा घोडे आणि मागनं गाडी, सगळं त्याच्यावरून जातं. हा स्टंटमन याकिमा कॅनट. आणि थोड्या वेळानं लगाम पकडायला जॉन वेन घोड्यांवरून उड्या मारत पुढं जातो ना, तो पण याकिमाच! टायटलमध्ये नाव नाही.

मास्टर म्हणाले, "अंग कसं आवरलंय बघा. आणि घोडे सुसाट आहेत म्हणून हा वाचला, हळू असते तर बिचकून आडवे सरले असते. जमीन बघा, सपाट." ती जागा कॅलिफोर्नियातलं ल्युसर्नचं कोरडं तळं आहे हे मला माहीत होतं, पण घोडा सरळ पळायला तसली जमीन लागते हे डोक्यात कधी आलंच नव्हतं.

मग मीच त्यांना याकिमाबद्दल सांगायला लागले. खरं नाव ईनोस एडवर्ड, जन्म १८९५, वॉशिंग्टन राज्यातला, रोडिओचा, म्हणजे काऊबॉय लोकांच्या घोडेस्वारीच्या स्पर्धांचा, चॅम्पियन. मूकपटात हिरो होता, पण नेव्हीत असताना फ्लूनं आवाज गेला तो गेलाच, बोलपट आले आणि हिरोची कामं संपली. मग छोट्या बॅनरच्या वेस्टर्नमध्ये व्हिलनचा साथीदार, मार खाणारा, घोड्यावरून पडणारा. तिथंच जॉन वेनबरोबर त्यानं मारामारीची पद्धत बसवली, कॅमेरा खांद्यामागे ठेवायचा, ठोसा तोंडाजवळून नुसता जाऊ द्यायचा, पडद्यावर लागल्यासारखाच दिसतो. मास्टर म्हणाले, "आम्ही अजून तेच करतो की." हे ऐकून मला फार बरं वाटलं, खोटं कशाला बोलू.

घोड्यांच्या पुढच्या पायांना तार बांधून त्यांना पाडायची रीत तेव्हा होती, यानंही ती वापरली, ते मला अजिबात पटत नाही. पण माणसांसाठी त्यानं जे केलं ते मोठंच आहे, पडताना पाय अडकू नये म्हणून एका बाजूनं उघडी रिकीब बनवली. पुढं १९५९ च्या बेन-हर सिनेमातल्या रथांच्या शर्यतीचं काम त्याच्याकडे होतं आणि त्यात हिरोच्या जागी रथ हाकायला त्याचाच मुलगा जो. रथ उसळून तो पोरगा पुढं फेकला गेला आणि हनुवटीला जखम होण्यावर निभावलं. १९६७ ला याकिमाला मानद ऑस्कर मिळालं ते स्टंटसाठी, आणि जोडीला स्टंटवाल्यांच्या सुरक्षेची साधनं बनवली म्हणून. माझ्या मते या दुसऱ्या कारणासाठी त्याचं नाव जॉन वेनच्या आधी घ्यायला पाहिजे.

डायरेक्टर तरी म्हणतोच, "बघा, त्यानं केलं ना!" मग मी १९८१ चा इंडियाना जोन्सचा सिनेमा रेडर्स लावला, ट्रकखालून जायचा सीन. याकिमाला सलाम म्हणूनच केलेला, टेरी लेनर्ड नावाच्या स्टंटमननं. त्यांनी ट्रक उंच करून घेतला होता आणि रस्त्यात मधोमध चर खणला होता, माणूस त्या चरातून घसरत जातो. पडद्यावर कुणाला कळतं? कुणालाच नाही. डायरेक्टर दोनदा बघून गप्प झाला आणि म्हणाला, चर खणू.

मास्टरांनी तिथूनच आर्ट डिपार्टमेंटला फोन लावला. "चराची खोली स्टंट करणाऱ्या पोराच्या छातीवरनं ठरवा, कागदावरनं नको. आणि आधी तुमच्यातलाच एकजण त्यात झोपून वर हात करून बघा, गाडीचा आस लागतोय का."