विरोधकाचे शब्द जपणारा ओरिजेन

आमच्या विद्यापीठातील ग्रीक वाचनवर्गात आम्ही तिसऱ्या शतकातील ख्रिस्ती धर्मपंडित ओरिजेन याचा ‘केल्ससविरुद्ध’ हा आठ भागांचा ग्रंथ वाचत होतो. दुसऱ्या शतकाच्या उत्तरार्धात केल्सस नावाच्या तत्त्वज्ञाने ख्रिस्ती धर्मावर जो घणाघाती ग्रंथ लिहिला तो नष्ट झाला आहे. आज त्यातले जे वाचायला मिळते, ते सुमारे इ.स. 248 मध्ये त्याचे खंडन करताना ओरिजेनने उद्धृत केले म्हणून. त्यामुळे विद्यार्थ्यांनी केल्ससची वाक्ये वेगळ्या रंगाने खुणावून प्रथम तेवढीच सलग वाचावीत, असा माझा आग्रह असतो.

त्या दिवशी चौथ्या भागात एक विद्यार्थिनी अडली आणि हा केल्सस एपिक्युरसपंथी, म्हणजे ग्रीक तत्त्वज्ञ एपिक्युरसचा अनुयायी, कसा असेल, असे तिने विचारले.

प्रश्न रास्त होता. ओरिजेन पहिल्या भागातच केल्ससला एपिक्युरसपंथी ठरवतो, आणि ईश्वर जगाची चिंता वाहत नाही असे मानणाऱ्या त्या पंथाचे नाव ख्रिस्ती लेखनात जवळजवळ दूषणासारखेच वापरले जाई. समोरचा उतारा मात्र वेगळेच सांगत होता: ईश्वराने मर्त्य असे काहीही घडवले नाही; आत्मा ही त्याची कृती, देहाची प्रकृती निराळी; आणि देह म्हणून पाहता वटवाघूळ, अळी, बेडूक आणि माणूस यांत भेद नाही. यामागे प्लेटोचा विश्वनिर्मितीवरचा ‘टिमायोस’ हा संवाद स्पष्ट दिसतो.

पुढचा परिच्छेद वाचल्यावर वर्ग क्षणभर स्तब्ध झाला, कारण ही विसंगती ओरिजेनलाही दिसली होती. केल्ससने आपले खरे मत लपवले असेल, किंवा त्याचे मत पालटले असेल, किंवा हा त्याच नावाचा कुणी दुसराच असेल, असे पर्याय तो स्वतःच मांडतो. आपल्या आरोपाला छेद देणारी वाक्ये गाळणे त्याला सहज शक्य होते. त्याने ती ठेवली, आणि त्यांच्याच आधारे आजचे अभ्यासक केल्ससची गणना प्लेटोवाद्यांत करतात. पूर्वपक्ष प्रामाणिकपणे मांडण्याची प्रतिष्ठा ज्या शास्त्रपरंपरेत आहे, तिच्यात वाढलेल्या मला या प्रसंगाचे मोल विशेष जाणवले.

मग आम्ही प्रस्तावनेकडे वळलो. ग्रंथ लिहिण्याची गळ ओरिजेनचा आश्रयदाता अँब्रोसिअस याने घातली होती. सुरुवातीला केवळ मुख्य मुद्दे आणि त्यांची थोडक्यात उत्तरे टिपून ठेवायची आणि नंतर त्यांची बांधणी करायची, असा ओरिजेनचा बेत होता. पण सुरुवातीचा थोडा मजकूर लिहून झाल्यावर त्याने तो बेत सोडला आणि केल्ससचा एकेक मुद्दा घेऊन सविस्तर उत्तर देण्याचे ठरवले. हे तो उघड सांगतो आणि आरंभीच्या भागाबद्दल वाचकाकडे क्षमा मागतो. माझ्या मते केल्ससचा आवाज आपल्यापर्यंत पोहोचण्याचे मोठे श्रेय या निर्णयाला आहे.

तास संपण्यापूर्वी त्या विद्यार्थिनीनेच सातव्या भागातील उतारा काढला. विश्वाचा कर्ता आणि पिता शोधणे कठीण आणि तो सर्वांना सांगणे अशक्य, हे प्लेटोचे वचन केल्सस तेथे पुढे करतो. वचन उदात्त आहे, हे ओरिजेन मान्य करतो, आणि मग म्हणतो की ज्याचा शोध घ्यायचा त्याच्याच साहाय्यावाचून मनुष्यस्वभाव त्या शोधाला पुरा पडत नाही.