तुम्ही विचारलंत म्हणून : आस्ता नील्सनने एकच बोलपट का केला?

आस्ता नील्सनचा विषय निघाला की एक प्रश्न हमखास विचारला जातो : सत्तरच्या आसपास मूकपट करणाऱ्या या डॅनिश अभिनेत्रीने बोलपट मात्र एकच का केला, तिचा आवाज चांगला नव्हता का? बोलपट आला आणि मूकपटांतले तारे आवाजापायी मावळले, ही समजूत सर्वत्र पक्की झालेली आहे आणि काही जणांच्या बाबतीत ती खरीही आहे. आस्ताला मात्र ती लागू पडत नाही, असे माझे ठाम मत आहे.

मुळात ती रंगभूमीवरची नटी. कोपनहेगनमधल्या एका गरीब कष्टकरी घरात 1881 साली तिचा जन्म झाला आणि रॉयल थिएटरच्या नाट्यशाळेत तिचे शिक्षण झाले. पुढे काही वर्षे नाटकांत कामे करूनही मनासारख्या मोठ्या भूमिका मिळेनात, तेव्हा दिग्दर्शक उर्बान गाद याच्यासह तिने 1910 मध्ये ‘आफग्रुन्डेन’ हा मूकपट केला. आपण काय करू शकतो हे नाटकवाल्यांच्या नजरेस यावे, हाही त्यामागचा एक हेतू होता. म्हणजे बोलत्या रंगमंचाकडे जाण्यासाठी तिने मूक पडद्याची वाट धरली आणि त्या वाटेनेच तिला स्वतःकडे ठेवून घेतले.

त्या चित्रपटात पियानो शिकवणारी एक तरुणी वाग्दत्त वराला सोडून सर्कशीतल्या कलावंताबरोबर निघून जाते. रंगमंचावर त्याला दोरीने बांधून त्याच्याभोवती तिने केलेले नृत्य इतके धीट होते की नॉर्वे आणि स्वीडनमध्ये त्यावर कात्री चालली. मला मात्र शेवटचा प्रसंग अधिक मोठा वाटतो. त्या माणसाचा खून केल्यानंतर पोलीस तिला घेऊन जातात तेव्हा ती रडत नाही, हातवारे करत नाही. चेहरा जवळजवळ निर्विकार ठेवून ती चालत राहते आणि तरीही तिचे सारे आयुष्य संपले आहे हे आपल्याला कळते. नाटकी अभिनयाची सवय असलेल्या त्या काळात हा संयम कुठून आला असेल, याचे मला अजूनही नवल वाटते.

1911 मध्ये ती जर्मनीला गेली. दृश्यांच्या मधे दाखवल्या जाणाऱ्या मजकुराच्या पाट्यांची भाषा बदलली की मूकपट कोणत्याही देशात चालत असल्यामुळे तिची डॅनिश बोली कुठेच आड आली नाही. कथा, भूमिका आणि वेशभूषा यांत तिचा शब्द चालत असे, ही गोष्ट पुढच्या उत्तरासाठी लक्षात ठेवावी. 1921 च्या ‘हॅम्लेट’साठी तर तिने स्वतःची निर्मितीसंस्था काढली. त्यात हॅम्लेट ही मुलगा म्हणून वाढवलेली राजकन्या आहे. दिग्दर्शक पाब्स्टच्या 1925 च्या ‘डी फ्रॉइडलोझ गासं’ या मूकपटात तिच्यासोबत तरुण अभिनेत्री ग्रेटा गार्बोही होती.

त्यानंतर चित्रपट विरळ झाले आणि 1920 च्या दशकाच्या उत्तरार्धात ती जर्मन रंगमंचावर काम करू लागली. जर्मन नाटकांतून प्रेक्षकांसमोर बोलणाऱ्या अभिनेत्रीला ध्वनिमुद्रणाची भीती वाटली असेल, हे मला पटत नाही. 1932 मध्ये दिग्दर्शक एरिख वाश्नेकच्या ‘उन्म्योग्लिशं लीबं’ या तिच्या एकमेव बोलपटात ती बोललीही. तिची भूमिका दोन मोठ्या मुली असलेल्या आणि पुन्हा प्रेमात पडलेल्या शिल्पकार स्त्रीची होती. तेव्हा तिने पन्नाशी गाठली होती, आणि त्या वयाच्या स्त्रीला मध्यभागी ठेवून कथा रचण्याची निर्मात्यांची तयारी कितीशी असते, हे वेगळे सांगायला नको. शिवाय ध्वनियंत्रणेचा खर्च मोठा असल्याने निर्मितीची सूत्रे बड्या कंपन्यांकडे गेली. स्वतःच्या भूमिकेवर स्वतःचा ताबा ठेवणाऱ्या कलावंताला तिथे जागा उरली नाही, हे मला सर्वांत महत्त्वाचे कारण वाटते.

मग 1933 मध्ये नाझी सत्तेवर आले. नाझी प्रचारमंत्री गोबेल्सने तिला तिची स्वतःची चित्रपटसंस्था देऊ केली आणि तिने ती नाकारली. ज्या ताब्यासाठी ती आयुष्यभर आग्रही राहिली, तोच आयता समोर ठेवला गेला असताना त्याची किंमत ओळखून तिने नकार दिला, म्हणून या नकाराचे मोल मी तिच्या कोणत्याही भूमिकेइतकेच मानते. त्या दशकाच्या उत्तरार्धात ती कायमची डेन्मार्कला परतली, पण मायदेशातही कथापटांत तिला पुन्हा काम मिळाले नाही. तिने आठवणी लिहिल्या आणि कापडाच्या तुकड्यांची चित्रे केली. 1968 मध्ये, वयाची पंच्याऐंशी उलटल्यावर, तिने स्वतःवरचा एक माहितीपट स्वतःच दिग्दर्शित केला.

तिचे काम प्रथमच पाहणार असाल तर ‘हॅम्लेट’ऐवजी ‘आफग्रुन्डेन’पासून सुरुवात करावी. तो पाऊण तासाहून लहान आहे आणि डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटने मूकपटांच्या आपल्या संकेतस्थळावर तो सर्वांसाठी खुला ठेवला आहे.