मला कुठलं गं संगीत येतंय!

आयर्लंडमध्ये नऊ दिवस होते. डब्लिन झालं, गॉलवे झालं. मोहरच्या कड्यांवर इतकं धुकं होतं की समुद्राचा नुसता आवाज ऐकून परत आले. त्या सगळ्याबद्दल पुष्कळांनी लिहिलंय. मला लिहायचंय ते मिल्टाऊन माल्बेमधल्या एका स्वयंपाकघराबद्दल, आणि त्याच्या आदल्या रात्री तिथल्या एका पबमध्ये मला आलेल्या रागाबद्दल.

मिल्टाऊन माल्बे हे क्लेअर काउंटीतलं, अटलांटिकच्या काठचं एवढंसं गाव. विली क्लॅन्सी हा इथला नावाजलेला इलन पाइप्स वादक; इलन पाइप्स म्हणजे कोपराने भाता दाबून वाजवायचं आयरिश वाद्य. तो १९७३च्या जानेवारीत गेला आणि त्याच वर्षी त्याच्या नावाने उन्हाळी शाळा सुरू झाली. तेव्हापासून दर जुलैच्या सुरुवातीला जगभरातून माणसं येतात. सकाळी वर्ग, दुपारी व्याख्यानं आणि वादन, रात्री पबांमधून सेशन, म्हणजे जमतील त्यांनी गोल करून एकत्र वाजवणं. गावात राहायला जागा मिळणं महाकठीण. मला गावाबाहेर एका ऐंशीच्या घरातल्या आजींकडे खोली मिळाली, ती माझी खरी कमाई.

तर ती रात्र. पबच्या कोपऱ्यात आठ-नऊ जण गोल करून बसले होते. समोर कागद नाही, माइक नाही, स्टेज तर नाहीच. तिशीतली एक बाई कॉन्सर्टिना वाजवत होती. कॉन्सर्टिना म्हणजे दोन हातांत मावणारी षटकोनी पेटी, मध्ये घडीचा भाता, दोन्ही टोकांना बटणं. एक धून तीनदा झाली की ती जरा भुवई उचलायची आणि सगळे तिच्या मागोमाग पुढच्या धुनेत शिरायचे. सुरुवात तिची, लय तिची. शेजारचा गिटारवाला तिच्या बोटांवर नजर ठेवून साथ करत होता. खरं सांगते, पहिली दहा मिनिटं मीही त्यालाच म्होरक्या समजत होते.

मग एक गृहस्थ बाउरान घेऊन आले. बाउरान म्हणजे तिकडचा डफ. आल्या आल्या तिला म्हणाले, "जरा सरक गं पोरी." ती सरकली. ते बसले आणि तिच्या डोक्यावरून गिटारवाल्याला विचारते झाले, "मग, आता काय वाजवायचं?" तो बिचारा गोंधळून तिच्याकडे बघायला लागला. ती काहीच बोलली नाही. तिने भाता ओढला आणि एक रील, म्हणजे वेगवान नाचाची धून, अशी काही सुरू केली की गृहस्थांना चार आवर्तनं लय सापडेना.

नंतर बाहेर पावसात ती उभी होती, तेव्हा मी न राहवून विचारलं. खांदे उडवून म्हणाली, "हे रोजचंच आहे." मग तिनेच सांगितलं, की २०१८मध्ये गायिका करन केसी आणि इतर कलाकारांनी 'फेअरप्ले' नावाची चळवळ सुरू केली, कारण महोत्सवांच्या यादीत बायका शोधाव्या लागत होत्या. २०२०मध्ये 'मिशे फोस्ता' म्हणजे 'मी सुद्धा' असं म्हणत कितीतरी मुलींनी या संगीताच्या वर्तुळात काय काय सोसलं ते उघडपणे सांगितलं. ही रांगडी, घरगुती, सगळ्यांना सामावून घेणारी परंपरा आहे असं मी तोवर धरून चालले होते. सामावून घेते खरी. पण कुणाला कुठे बसवून, हे त्या रात्री मला पहिल्यांदा दिसलं.

मला जास्त लागण्याचं कारण म्हणजे ते वाद्य. मी शाळेत असताना सहा वर्षं पेटी शिकले. कॉन्सर्टिना आपल्या पेटीची चुलतबहीणच: तशाच धातूच्या सूरपट्ट्या, तसाच भाता. फक्त इथे एका बटणात दोन सूर असतात. सकाळच्या वर्गात एकीने मला तिची कॉन्सर्टिना हातात दिली. भाता आत दाबला तर सा, तेच बटण धरून बाहेर ओढला तर रे. माझी बोटं पार बावचळली.

आणि या वाद्याला क्लेअरमध्ये पूर्वी 'बॅन खार्दीन' म्हणत. बाईचा अकॉर्डियन! एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी स्वस्त जर्मन कॉन्सर्टिना गावोगावच्या दुकानांत मिळायला लागल्या. आजी सांगत होत्या, की त्यांच्याकडे कोंबड्या बाईच्या, म्हणून अंड्यांचे पैसेही बाईचे, आणि त्या पैशांत कॉन्सर्टिना यायची. नाच व्हायचे स्वयंपाकघरात, फरशीवर. वाजवणारी घरचीच. मग १९३५मध्ये डान्स हॉलचा कायदा आला. सार्वजनिक नाचाला परवाना लागायला लागला. पाद्रींचा आणि पोलिसांचा डोळा घरच्या नाचांवरही होताच. नाच हॉलमध्ये गेले, वाद्यवृंद आले, पुढे संगीत पबमध्ये गेलं. कितीतरी पबांत बाईला बिअरचा पुरता पाइंटसुद्धा देत नसत, अर्ध्या ग्लासावर बोळवण. ती तिथे गोलात बसून वाजवणार कुठून? वाद्य कपाटावर गेलं, आणि पुढच्या पिढीला वाटायला लागलं की हे पुरुषांचंच संगीत आहे.

किटी हेज याच भागातली. नवरा केली बँडमध्ये, म्हणजे नाचासाठी वाजवणाऱ्या वाद्यवृंदात, बासरी वाजवायचा. लग्नानंतर मुलंबाळं, घर, आणि हिची कॉन्सर्टिना चाळीसेक वर्षं बंद. नवरा गेल्यावर म्हातारपणी तिने ती पुन्हा हातात घेतली आणि लोक थक्क झाले. आता तिच्या वादनाच्या सीडी आहेत. मला त्या वादनाहून त्या चाळीस वर्षांचंच काहूर जास्त आहे. बोटांना सगळं आठवत असेल का? भाकरी करताना, मुलांचे कपडे पिळताना बोटं आपोआप हलत असतील का?

एक दिवस आजींच्या शेजाऱ्यांनी मला किलरशला नेलं. पेट्रोलचे पैसे देऊ केले तर चक्क रागावले. शॅनन नदीच्या मुखाजवळचं हे बंदर. इथे मार्केट स्क्वेअरमध्ये क्रॉटींचा पब होता. एलिझाबेथ क्रॉटी, जन्म १८८५, मृत्यू १९६०. कॉन्सर्टिनाची क्लेअरमधली सगळ्यात मोठी वादक म्हणून आजही तिचं नाव निघतं. १९५०च्या दशकात किआरन मॅक माहूना रेडिओसाठी तिचं वादन ध्वनिमुद्रित करून घेऊन गेला आणि ती देशभर पोचली. पब तिच्याच घरचा होता. दुसऱ्या बायकांना ज्या दारातून आत जाताना अवघडायला व्हायचं, ते दार हिचं होतं. वादक वाजवायला तिच्याकडे येत. पण नाव? आजतागायत सगळे तिला 'मिसेस क्रॉटी' म्हणतात, तिच्या धुना, तिच्या नावाने झालेला महोत्सव, सगळं 'मिसेस क्रॉटी'. म्हणतात ते आदरानेच. तरी त्या चौकात उभं राहून मी मोठ्याने 'एलिझाबेथ' म्हणून बघितलं. आपल्याकडच्या 'अमक्याच्या आई' आणि 'तमक्यांच्या मिसेस' आठवल्या.

एवढं सगळं डोक्यात घेऊन शेवटच्या सकाळी मी आजींच्या स्वयंपाकघरात चहा पीत बसले होते. त्या सोडा ब्रेड कापत होत्या. सुरी पावाच्या कडक पापुद्र्यावर खरखर चालत होती आणि आजी तोंडाने 'डिडल डाय डिडल डम' असं काहीतरी म्हणत होत्या. आधी मला ते नुसतं गुणगुणणं वाटलं. मग लक्षात आलं, ही अख्खी जिग आहे, नाचाची धून. सहा मात्रांची, दोन्ही भाग, प्रत्येक भाग दोनदा, मध्ये अवघड वळणं, कुठे श्वास तुटला नाही की सुरीची लय चुकली नाही. याला लिल्टिंग म्हणतात. वाद्य हाताशी नसलं की लोक तोंडाच्या लिल्टिंगवर नाचत.

"आजी, तुम्ही वाजवता?"

"मी? छे गं. मला कुठलं संगीत येतंय! मी आपली नुसती तोंडाने म्हणते."

हे वाक्य मी माझ्या आईच्या, मावशीच्या, आत्याच्या तोंडून शंभरदा ऐकलंय. शंभर ओव्या पाठ असलेली बाई म्हणते, मी कुठे गाते!

मी फोन काढून विचारलं, रेकॉर्ड करू का? त्यांनी आधी ॲप्रनला हात पुसले, केस सारखे केले, खुर्चीत ताठ बसल्या. आणि मग गाडी अडली. बसून जमेना. म्हणाल्या, "थांब." परत उभ्या राहिल्या, सुरी हातात घेतली, पाव कापायला लागल्या, आणि धून सुरळीत आली. माझ्या रेकॉर्डिंगमध्ये ती सुरी ऐकू येते.

"हिचं नाव काय?"

"नाव कुठलं? माझी आई म्हणायची. तिची कॉन्सर्टिना होती, नंतर विकली."

"आणि आईचं नाव?"

त्यांनी 'मिसेस' लावून आडनाव सांगितलं. मी तशीच बघत राहिले. सुरी खाली ठेवून त्यांनी खिडकीबाहेर बघितलं, मग आईचं स्वतःचं नाव सांगितलं, आणि पाठोपाठ माहेरचं आडनाव. ते इथे लिहीत नाही, कारण मी त्यांना विचारलेलं नाही.

एनिसच्या बसमध्ये बसल्यावर मी फोन उघडला. 'नवीन रेकॉर्डिंग १४' असं आलं होतं. ते पुसलं आणि आईचं ते पूर्ण नाव घातलं, माहेरच्या आडनावासकट.