केळ्यांचं वजन

हेलसिंकीत मी सहा दिवस होते. त्यातले तीन दिवस सुओमेनलिन्नाचा किल्ला, खडकात कोरलेलं चर्च आणि शेजारच्या एस्पू शहरात भाचीच्या घरचा वरणभात यांतच गेले. त्याबद्दल वेगळं लिहिण्यासारखं काही नाही. लिहायचंय ते एका किराणा दुकानातल्या चार-पाच मिनिटांबद्दल. आणि काती ओउतिनेन या फिनिश अभिनेत्रीबद्दल, कारण तिच्यासाठीच मी नोव्हेंबरच्या थंडीत तिथे गेले होते.

शेवटच्या दोन रात्री मी काल्लिओ भागात खोली घेतली. हा एकेकाळचा कामगारांचा भाग, आता तरुण पोरांचा आणि महाग झालेला. दुपारी साडेतीनलाच अंधार पडतो. संध्याकाळी दूध, ब्रेड आणि चार केळी घ्यायला कोपऱ्यावरच्या दुकानात गेले. माझ्यामागे सातआठ माणसं. काउंटरवरच्या बाईनं दूध सरकवलं, ब्रेड सरकवला आणि केळी हातात धरून माझ्याकडे बघितलं. तिथे फळं आपणच काट्यावर ठेवायची, त्या फळाचा नंबर दाबायचा आणि निघालेलं लेबल पिशवीवर चिकटवायचं. मला हे माहीतच नव्हतं. मला एकदम घाम फुटला. आपल्याकडे अशा वेळी मागून कुणीतरी नक्की बोललं असतं.

ती बाई पन्नाशीची असेल. काही बोलली नाही. कपाळावर आठीसुद्धा नाही. खुर्ची मागे सरकवून उठली, केळी घेऊन थेट दुकानाच्या त्या टोकाला गेली, वजन केलं आणि लेबल अंगठ्यानं नीट दाबत परत आली. रांगेतलं एकही माणूस हललं नाही, कुणी उसासा टाकला नाही. तिनं पैसे घेतले, पावती दिली, 'ओले ह्यूवॅ' म्हणाली, म्हणजे 'घ्या'. पावती देताना तिनं क्षणभर माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत दया नव्हती आणि कंटाळाही नव्हता. तुझं काही चुकलेलं नाही, एवढंच तिनं डोळ्यांनी सांगितलं. बाहेर येऊन मी फुटपाथवर उभी राहिले आणि मला रडू आलं.

कारण ही नजर मी पाहिलेली होती. वीस वर्षांपूर्वी, पुण्यात एका फिल्म सोसायटीच्या खेळाला.

काती ओउतिनेन 1961 साली हेलसिंकीतच जन्मली. 1980 च्या 'तॅल्तॅ तुल्लान, एलॅमॅ!' या तरुण मुलांवरच्या सिनेमातून ती लोकांना माहीत झाली. पण आम्हाला ती भेटली फिनिश दिग्दर्शक आकी कौरिसमॅकीच्या सिनेमांमधून. 1986 च्या 'शॅडोज इन पॅराडाइज'मध्ये ती इलोना आहे, सुपरमार्केटच्या काउंटरवरची बाई. नट मत्ती पेल्लोनपॅचा निकांदेर कचऱ्याच्या गाडीवर काम करतो. दोघं एकमेकांशी जेमतेम बोलतात. नोकरीवरून काढून टाकल्यावर ती दुकानाची पैशाची पेटी उचलून निघते, तेव्हाही तिचा चेहरा फारसा बदलत नाही. आणि तरी तिच्या पोटात काय चाललंय हे आपल्याला कळतं.

'द मॅच फॅक्टरी गर्ल' (1990) जेमतेम 70 मिनिटांचा आहे. सुरुवातीला फक्त यंत्रं. ओंडका फिरतो, त्याची पातळ साल निघत जाते, तिच्या काड्या होतात, काड्यांच्या पेट्या होतात, आणि शेवटी एक हात दिसतो. पेटीवरचं लेबल नीट बसलंय का ते बघणारा. तो आयरिसचा हात, म्हणजे कातीचा. दुकानातल्या बाईनं केळ्यांवर लेबल दाबलं तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर तोच हात आला. पगारातून आयरिस एक लाल झगा घेते, घरी त्याबद्दल थोबाडीत बसते. त्यानंतर कातीनं जे केलंय ते मी कित्येकदा पाहिलंय. ती काहीच करत नाही. बसून राहते. कॉलेजात आम्हाला एकांकिकेच्या तालमीत 'भावना शेवटच्या रांगेपर्यंत पोचली पाहिजे' असं दिवसातून दहा वेळा ऐकवायचे. ही बाई पडद्यावर नुसती बसली आणि ती शेवटच्या रांगेत बसलेल्या मला येऊन भिडली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पैसे भरून एका सिनेमा-फेरीला गेले, कौरिसमॅकीच्या सिनेमांतल्या जागा चालत दाखवणाऱ्या. तिथे मला मनापासून राग आला. दोन तास चालून झालं. दिग्दर्शकाचे बार, दिग्दर्शकाच्या गाड्या, दिग्दर्शकाचे कुत्रे. कातीचं नाव दोनदा आलं, दोन्ही वेळा 'त्याची लाडकी नटी' म्हणून. मी तिच्या कामाबद्दल विचारलं तर उत्तर आलं की तो नटांना काही करूच देत नाही, सगळा त्याचाच साचा. पायाला गोळे आले होते, नाकाचा शेंडा बधिर झाला होता, पण त्याहून हे वाक्य जास्त टोचलं.

साचा त्याचा असेलही. तो तालमी फारशा घेत नाही, पहिल्या-दुसऱ्या टेकवर भागवतो, हे सगळ्यांना माहीत आहे. पण त्या साच्यात उभं राहून इतक्या वेगवेगळ्या बायका उभ्या करायच्या, हे काम कुणाचं?

फेरी अर्धवट सोडून मी सोर्नाइनेनला गेले. तिथे एका जुन्या साबणाच्या कारखान्यात थिएटर अकॅडमी आहे. काती 80 च्या दशकाच्या सुरुवातीला थिएटर अकॅडमीची विद्यार्थिनी होती. तो तिथल्या नाट्यशिक्षक यौको तुर्काचा काळ. त्याची पद्धत म्हणजे शरीर पिळून काढायचं, घामाघूम व्हायचं, किंचाळायचं. त्या भट्टीतून निघालेली मुलगी पडद्यावर इतकी शांत का राहिली, याचा विचार ती सिनेमा-फेरी काढणाऱ्यांनी करायला हवा होता. तिला ओरडता येत नव्हतं असं नाही. रंगभूमीवर तिनं काम केलंच, आणि 2002 पासून 2013 पर्यंत त्याच अकॅडमीत ती अभिनयाची प्राध्यापक होती. 2002 हेच ते कान चित्रपट महोत्सवाचं वर्ष. 'द मॅन विदाउट अ पास्ट'मधल्या साल्व्हेशन आर्मी या ख्रिस्ती सेवाभावी संस्थेतल्या इर्मासाठी तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. सिनेमालाही ग्राँ प्री मिळाला.

मी कारखान्याच्या दारासमोर दहा मिनिटं उभी राहिले. दोन मुलं सायकली ढकलत बाहेर आली, बस. आत जायचं धाडस झालं नाही.

मला तिचा सगळ्यात आवडता सिनेमा 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स' (1996). नायकाचं काम पेल्लोनपॅ करणार होता, पण 1995 च्या जुलैमध्ये तो गेला, वयाच्या 44 व्या वर्षी. मग मध्यवर्ती भूमिका कातीकडे आली, बंद पडलेल्या रेस्टॉरंटमधल्या हेड वेट्रेसची. त्यात ती आपल्या गेलेल्या मुलाच्या फोटोकडे बघते. तो फोटो लहानपणीच्या पेल्लोनपॅचा आहे. हे कळल्यावर मी तो प्रसंग पुन्हा पाहिला. ती काही सेकंदच बघते.

आणि 2006 मध्ये 'लाइट्स इन द डस्क'मध्ये ती छोट्याशा भूमिकेत परत कॅश काउंटरवर बसलेली आहे. वीस वर्षांनी. कानचा पुरस्कार घेतलेली बाई.

सहाव्या दिवशी एस्टोनियातल्या टालिनची बोट पकडली. 'शॅडोज इन पॅराडाइज'च्या शेवटी इलोना आणि निकांदेर टालिनलाच निघतात, तेव्हा ते सोव्हिएत युनियनमध्ये होतं. आता दोन तासांचा प्रवास, आणि बरेच लोक स्वस्त दारूच्या खोक्यांसाठी जातात. गर्दी, गोंगाट, कॉफी पाणचट. डेकवर वारा असा की पाच मिनिटांत आत पळाले. खिडकीशी बसून मोबाईलवर तो शेवटचा भाग काढला. इयरफोन भाचीकडे राहिले होते म्हणून आवाज बंद ठेवला. आवाजाची गरजही नव्हती.

शेजारी एक आजी बसल्या होत्या, मांडीवर विणकाम. फिनलंडमध्ये सहा दिवसांत एकही अनोळखी माणूस आपणहून माझ्याशी बोललं नव्हतं. त्यांनी सुया थांबवल्या, वाकून पडद्याकडे पाहिलं आणि बोटानं इलोनाच्या चेहऱ्याजवळ हलकेच टकटक केलं.

"काती," त्या म्हणाल्या. मग माझ्याकडे बघून, पूर्ण नाव, "काती ओउतिनेन."

मी मान हलवली. मोबाईल दोघींच्या मध्ये धरला आणि प्रसंग पहिल्यापासून लावला.